जपानी पोर्सेलीनची निर्यात : आरिता, नागासाकी आणि युरोपीय बाजारपेठ

प्रस्तावना

मराठीत कपबशी, ताटली, फुलदाणी अशा कोणत्याही पांढऱ्या झिलईदार भांड्याला आपण सरसकट ‘चिनी मातीचे भांडे’ म्हणतो. लोणच्याची बरणीही याच नावाने ओळखली जाते. वस्तुतः ती बहुधा जाड भाजणीच्या वेगळ्या मातीची असते. वस्तूच्या नावातच एका देशाचे नाव रुजले की त्या वस्तूच्या इतिहासातील अन्य देशांचा वाटा झाकला जातो. सतराव्या शतकाच्या उत्तरार्धात युरोपातील राजवाड्यांत, येमेनच्या कॉफी-बाजारात आणि हिंदी महासागराच्या बंदरांत पोहोचलेल्या पोर्सेलीनचा एक लक्षणीय भाग चीनमध्ये नव्हे, तर जपानच्या क्युशू बेटावरील आरिता या डोंगराळ गावात तयार झाला होता. त्यातील कित्येक भांड्यांच्या तळाशी मात्र चिनी मिंग सम्राटांच्या राजवटीची मुद्रा रंगवलेली आढळते.

संग्रहालयांच्या माहितीपत्रकांतून ही भांडी ‘जपानी अभिरुचीचा आविष्कार’ म्हणून सादर केली जातात. हे विधान पूर्णतः चुकीचे नसले तरी अपुरे आहे. निर्यातीच्या जपानी पोर्सेलीनमागे कोरियातून आणलेले कुंभार, चीनमधील यादवी, डच कंपनीची मागणीपत्रके आणि युरोपातून पाठवलेले लाकडी नमुने हे सारे घटक होते. जपानी अभिरुची हा त्यांपैकी एक घटक होय, एकमेव नव्हे. प्रस्तुत लेखात या घटकांच्या परस्परसंबंधाचा परामर्श घेतला आहे.

युद्धातून आलेली विद्या

पोर्सेलीन म्हणजे केवळ पांढरे भांडे नव्हे. विशिष्ट खनिजयुक्त दगडाची पूड करून, ती मळून घडवलेले आणि सुमारे १३०० अंश सेल्सिअस तापमानाला भाजलेले हे भांडे पाणी शोषत नाही, टिचकी मारल्यास खणखणते आणि पातळ असल्यास उजेडाला धरताच अर्धपारदर्शक दिसते. चीनला ही विद्या अनेक शतके अवगत होती, कोरियातही ती रुजली होती. जपानमध्ये मात्र सतराव्या शतकाच्या आरंभापर्यंत पोर्सेलीन तयार होत नव्हते. ते बाहेरून आणले जाई.

टोयोटोमी हिदेयोशी याने १५९२ ते १५९८ या काळात कोरियावर दोन स्वाऱ्या केल्या. राजकीयदृष्ट्या त्या निष्फळ ठरल्या. परंतु परतणाऱ्या सरदारांनी आपल्याबरोबर कोरियन कारागीर मोठ्या संख्येने आणले. त्यामुळे या युद्धांना जपानी इतिहासात ‘कुंभारांची युद्धे’ असेही म्हटले जाते. क्युशूमधील सागा संस्थानचा नाबेशिमा नाओशिगे हा अशा सरदारांपैकी एक होता. त्याच्या मुलखात आलेल्या ई साम-प्यॉंग (जपानी नाव कानागाए सान्बेई) या कुंभाराला आरितातील इझुमियामा येथे १६१६ मध्ये पोर्सेलीनचा दगड सापडला आणि तेथून जपानी पोर्सेलीनचा आरंभ झाला, असे परंपरा सांगते. आरितातील तोझान देवस्थानात त्याची आजही पूजा होते. १९१७ मध्ये त्याचे स्मारकही उभारण्यात आले.

पुरातत्त्वीय उत्खननांतून दिसणारे चित्र याहून अधिक गुंतागुंतीचे आहे. आरिताच्या पश्चिमेकडील जुन्या भट्ट्यांत जाड मातीची भांडी आणि पोर्सेलीन एकत्र भाजल्याचे अवशेष मिळाले आहेत. म्हणजेच, एकाच सुमारास कोरियन कुंभारांच्या एकाहून अधिक गटांचे प्रयोग सुरू असावेत. एका शोधकाची कथा स्मारकासाठी सोयीची असते. प्रत्यक्षात नवे तंत्र सहसा अनेक हातांनी उभे राहते. या अनेकांत एक स्त्रीही होती. ‘ह्याकुबासेन’ म्हणजे ‘शंभरीची आजी’ या अर्थाच्या नावाने ओळखली जाणारी ही कोरियन स्त्री पतीच्या निधनानंतर सुमारे नऊशे लोकांचा जथा घेऊन आरिताच्या परिसरात स्थायिक झाली आणि १६५६ मध्ये वयाच्या शहाण्णवाव्या वर्षी मरण पावली, असे तिच्या वंशजांनी जपलेली परंपरा सांगते.

१६३७ मध्ये सागा संस्थानाने या व्यवसायाची फेररचना केली. भट्ट्यांच्या इंधनासाठी होणारी बेसुमार जंगलतोड हे कारण पुढे करून ८२६ जपानी कुंभारांना हा धंदा करण्यास बंदी घालण्यात आली, अनेक भट्ट्या बंद झाल्या आणि आरितात १३ भट्ट्या उरल्या. या निर्णयाने पोर्सेलीनचे उत्पादन संस्थानाच्या देखरेखीखाली एका अरुंद खोऱ्यात एकवटले. गुलामीसदृश अवस्थेत आलेल्यांचे कौशल्य आता संस्थानच्या महसुलाचे साधन झाले होते. काही वर्षांतच मोठ्या परदेशी मागणीला तोंड देण्याची क्षमता आरिताला आली, तिचे मूळ या एकवटण्यात आहे.

चीनमधील पोकळी आणि देजिमाची वखार

१६४४ मध्ये मिंग राजवट कोसळली. त्यानंतरच्या यादवीत जिंगदेझेन या चिनी पोर्सेलीनच्या प्रमुख केंद्राचे उत्पादन विस्कळीत झाले. दक्षिण किनाऱ्यावर झेंग घराण्याने मांचू सत्तेविरुद्ध आरमारी लढा चालू ठेवला. त्याची रसद तोडण्यासाठी नव्या छिंग राजवटीने समुद्री व्यापारावर निर्बंध घातले आणि १६६१ नंतर किनारपट्टीवरील वस्ती आत हलवली. परिणामी डच ईस्ट इंडिया कंपनीला चीनकडून होणारा पोर्सेलीनचा पुरवठा आटला. युरोप आणि आशियातील मागणी मात्र कायम होती.

डच व्यापारी जपानमध्ये आधीपासूनच होते. पोर्तुगीजांची १६३९ मध्ये हकालपट्टी झाल्यानंतर १६४१ मध्ये डचांना हिरादोहून नागासाकी बंदरातील देजिमा या पंख्याच्या आकाराच्या कृत्रिम बेटावर हलवण्यात आले. युरोपीयांपैकी केवळ त्यांनाच जपानशी व्यापार करण्याची मुभा होती. आरिता येथून फार दूर नव्हते.

आरंभ अगदी साधा होता. १६५० मध्ये डचांनी आरिताची काही जाडीभरडी ताटे टोंकिनकडे, म्हणजे आजच्या उत्तर व्हिएतनामकडे पाठवली. पुढील काही वर्षांत बटाव्हियाच्या औषधालयासाठी मलमाच्या बरण्या आणि बाटल्या मागवल्या गेल्या. ज्या वस्तू आज लिलावांत राजेशाही संग्रहाच्या वस्तू म्हणून विकल्या जातात, त्यांच्या निर्यातीचा पहिला अध्याय असा दवाखान्याच्या फडताळातील आहे. १६५९ मध्ये मात्र पन्नास हजारांहून अधिक नगांची मागणी आली. तिचा मोठा भाग तांबड्या समुद्राच्या मुखाजवळील मोखा या कॉफी-बंदरासाठी होता. युरोपातील दिवाणखान्यांच्या आधी अरबस्तानातील कॉफीने आरिताच्या भट्ट्या धगधगत्या ठेवल्या, ही बाब युरोपकेंद्री मांडणीत हमखास निसटते. सुरत, कोरोमंडल, बंगाल आणि श्रीलंका येथील डच वखारींकडेही जपानी पोर्सेलीन जात असे.

या व्यवहाराच्या मध्यभागी त्या वर्षी असलेली व्यक्ती उल्लेखनीय आहे. झाकारियास वागेनार हा देजिमाच्या वखारीचा प्रमुख मूळचा जर्मनीतील ड्रेस्डेनचा. तो स्वतः चित्रकार होता. तरुणपणी ब्राझीलमध्ये असताना त्याने तेथील प्राणी-वनस्पतींची चित्रे काढली होती. निळ्या पृष्ठभागावर रुपेरी वेलबुट्टीचा एक नमुना त्याने आरिताच्या कारागिरांना स्वतः दिला. तो नमुना अल्पावधीत सर्वत्र काढला जाऊ लागल्याची तक्रार त्याने आपल्या नोंदींत केली आहे. युरोपीय नमुन्याची जपानी नक्कल होते म्हणून एक जर्मन चित्रकार कुरकुरतो, हा प्रसंग पुढे घडलेल्या घटना पाहता विशेष बोलका वाटतो.

या व्यापाराचा अभ्यास प्रामुख्याने कंपनीच्या कागदपत्रांवर उभा आहे. टी. फोल्कर यांनी १९५४ मध्ये प्रसिद्ध केलेल्या ग्रंथात बटाव्हिया व देजिमा येथील दैनंदिन्यांतून नगांची मोजदाद मांडली आणि ती पुढील संशोधनाचा पाया ठरली. परंतु या नोंदींत कंपनीचा अधिकृत व्यापार दिसतो. कंपनीच्या नोकरांचा खासगी व्यापार आणि नागासाकीला येणाऱ्या चिनी जहाजांचा व्यापार त्यात पुरेसा दिसत नाही. मनिला आणि मेक्सिको सिटी येथील उत्खननांत जपानी पोर्सेलीनचे तुकडे मिळाले आहेत. स्पॅनिश जहाजांना नागासाकीत प्रवेश नव्हता. ही भांडी चिनी व्यापाऱ्यांमार्फत मनिलाला आणि तेथून पॅसिफिक ओलांडून अमेरिकेत गेली, हाच त्याचा सुसंगत अर्थ लागतो. कागदपत्रांनी रेखाटलेल्या डच नकाशाला मातीतल्या तुकड्यांनी अशी दुरुस्ती सुचवली आहे.

लाकडी नमुने आणि अपरिचित वस्तू

प्रारंभीची निर्यात निळ्या-पांढऱ्या भांड्यांची होती. ग्राहकांना सवय होती ती चिनी ‘क्राक’ पद्धतीच्या ताटांची : मध्यभागी पक्षी-फुलांचे चित्र आणि कडेला कप्प्याकप्प्यांची नक्षी. जपानीत ‘फुयो-दे’ म्हटली जाणारी ही रचना आरिताच्या चिताऱ्यांनी आत्मसात केली. कंपनीच्या नावाची आद्याक्षरे मध्यभागी असलेली याच घाटाची ताटेही तयार झाली. निळ्या रंगासाठी लागणारे कोबाल्ट चीनमधून नागासाकीमार्गे येई. म्हणजे चीनची जागा भरून काढणारे भांडे चिनी रंगाने, चिनी घाटात रंगवले जात होते आणि तळावर मिंग सम्राट छंगहुआ याच्या काळाची मुद्राही असे. यात फसवणुकीचा हेतू शोधण्याची घाई करू नये. ही मुद्रा तेव्हा चांगल्या मालाची खूण म्हणून नक्षीचाच एक भाग झाली होती आणि खुद्द चीनमध्येही जुन्या राजवटींच्या मुद्रा सर्रास वापरल्या जात.

घाट मात्र सगळे चिनी नव्हते. बिअरचे मग, मोहरीच्या चटणीची भांडी, मीठदाण्या, रुंद काठांच्या थाळ्या, न्हाव्यासमोर बसलेल्याच्या गळ्यात बसावी म्हणून एका बाजूला खाच दिलेल्या थाळ्या अशा वस्तूंची मागणी हॉलंडहून येई. त्यांचा उपयोग आरिताच्या कुंभाराला ठाऊक असण्याचे कारण नव्हते. म्हणून लाकडात कोरलेले नमुने जहाजाने पाठवले जात आणि त्यांवरून घाट उतरवला जाई. उपयोग न कळता केवळ आकार हुबेहूब साधणे हे कौशल्याचे काम आहे. त्या कौशल्याचे श्रेय नमुना पाठवणाऱ्याकडे जाते, हा निर्यात-उद्योगाचा जुना नियम आहे.

आरिताच्या दगडाचा एक दोष होता. मोठी थाळी भट्टीत भाजताना मध्यभागी खचत असे. हे टाळण्यासाठी तळाखाली मातीचे लहान शंकूसारखे आधार ठेवत. भाजणी झाल्यावर ते तोडले जात, तरी बारीक ठिपक्यांसारख्या खुणा तळावर राहत. मिंग मुद्रा असलेले ताट चिनी की जपानी हे ठरवताना तज्ज्ञ आज याच ठिपक्यांकडे पाहतात. मुद्रेपेक्षा दोष अधिक प्रामाणिक ठरतो, असे म्हणावयास हरकत नाही.

रंग, घराणी आणि बंदराचे नाव

झिलईवर रंग चढवून पुन्हा कमी आचेवर भाजण्याचे तंत्र आरितात १६४० च्या दशकात आले. सकाइदा घराण्याच्या कागदपत्रांनुसार नागासाकीतील एका चिनी माणसाकडून पैसे देऊन ही विद्या मिळवण्यात आली आणि पहिला काकिएमोन (१५९६-१६६६) याने ती साध्य केली. पुढे या घराण्याचे नाव एका शैलीला मिळाले. दुधाळ पांढऱ्या पृष्ठभागावर लाल, निळा, हिरवा व पिवळा अशा मोजक्या रंगांत एखादी फांदी, लाव्हे पक्षी किंवा वाघ आणि बाकी जागा मोकळी, असे तिचे स्वरूप असते. या पांढऱ्या रंगाला ‘निगोशिदे’ म्हणतात. सागा प्रांताच्या बोलीत ‘निगोशी’ म्हणजे तांदळाचे धुवण. भात खाणाऱ्या कोकणातील वाचकाला या रंगछटेचे वर्णन वेगळे करून सांगण्याची गरज नाही. मध्यंतरी लोप पावलेली ही विद्या बारावा व तेरावा काकिएमोन यांनी १९५३ मध्ये पुनरुज्जीवित केली.

दुसरी शैली याच्या अगदी उलट होती. गडद निळा, विटकरी लाल आणि सोनेरी या रंगांनी भांड्याचा इंचन्‌इंच भरलेला. सतराव्या शतकाच्या अखेरीस बहरास आलेल्या या भांड्यांना जगभर ‘इमारी’ म्हणतात. इमारी येथे मात्र ही भांडी तयार होत नसत. आरितापासून काही मैलांवरील ते बंदर. तेथून माल जहाजावर चढे, एवढाच त्या नावाचा संबंध. कारागिराच्या गावाऐवजी बंदराचे नाव वस्तूला मिळाले. याच मुलखात ओकावाची येथे नाबेशिमा घराण्याच्या खास भट्ट्यांत तयार होणारी, शोगुनला नजराणा म्हणून दिली जाणारी उत्कृष्ट भांडी मात्र परदेशी बाजारात जाऊच दिली जात नसत. परदेशी लोकांनी ज्याला जपानी कला समजून डोक्यावर घेतले, त्याहून वेगळ्या वस्तू सत्ताधाऱ्यांनी स्वतःसाठी राखून ठेवल्या होत्या.

काम विभागलेले होते. दगड कांडणारे, चाकावर घडवणारे, रेषा काढणारे, त्या रेषांत निळा रंग भरणारे आणि भट्टी सांभाळणारे असे वेगवेगळे हात एका ताटावरून फिरत. रेषांमध्ये रंग भरण्याचे काम परंपरेने स्त्रियांकडे असे. झिलईवरील रंगकाम करणाऱ्यांची ‘आकाए-माची’ ही स्वतंत्र पेठ संस्थानाने वसवली आणि तेथील परवानाधारक घरांची संख्या आधी ११ व नंतर १६ अशी मर्यादित ठेवली, जेणेकरून रंगांचे रहस्य बाहेर जाऊ नये. सकाइदा घराण्याचा अपवाद सोडल्यास यांतील फारच थोड्यांची नावे उरली आहेत.

नकलेची नक्कल

१६८३ मध्ये तैवान छिंग राजवटीच्या ताब्यात आले आणि १६८४ मध्ये समुद्री व्यापार पुन्हा खुला झाला. जिंगदेझेनच्या भट्ट्या पुन्हा पूर्ण क्षमतेने सुरू झाल्या. त्यांचा माल स्वस्त होता. शिवाय युरोपात आता इमारीची चलती आहे हे ओळखून चिनी कारागिरांनी निळ्या-लाल-सोनेरी रंगसंगतीची नक्कल सुरू केली. ‘चिनी इमारी’ म्हणून ती ओळखली जाते. चीनची नक्कल म्हणून उभ्या राहिलेल्या आरिताची नक्कल चीनने करावी, हे चक्र येथे पूर्ण झाले. किमतीच्या स्पर्धेत आरिता टिकू शकले नाही. १७३४ मध्ये कंपनीने कॉर्नेलिस प्रोंक या चित्रकाराकडून खास नक्षी तयार करून घेतली. जपानी दर अधिक पडल्याने ते कामही मुख्यतः चीनकडे गेले. अठराव्या शतकाच्या मध्यापर्यंत कंपनीची युरोपसाठीची जपानी खरेदी जवळपास थांबली.

तोवर जपानी पोर्सेलीन युरोपात प्रतिष्ठेची वस्तू बनले होते. इंग्लंडमधील बर्ली हाउसच्या १६८८ च्या वस्तुसूचीत मल्लयुद्ध करणाऱ्या दोन जपानी पुतळ्यांची नोंद आहे. सॅक्सनीचा इलेक्टर ऑगस्टस द स्ट्राँग (१६७०-१७३३) याने तर वागेनारच्याच ड्रेस्डेन शहरात एक राजवाडा पोर्सेलीनसाठी घेतला आणि त्याला ‘जपानी राजवाडा’ हे नाव पडले. १७१७ मध्ये प्रशियाच्या राजाला ६०० घोडेस्वार देऊन त्याने १५१ चिनी भांडी घेतली, ही कथा सर्वश्रुत आहे. त्याच्याच आश्रयाने योहान फ्रिडरिश बॉट्गर व चिर्नहाउस यांनी १७०८ मध्ये पोर्सेलीनचे रहस्य उलगडले आणि १७१० मध्ये माइसेनचा कारखाना निघाला. तेथे काकिएमोन भांड्यांच्या नकला राजसंग्रहातील अस्सल नमुने समोर ठेवूनच केल्या गेल्या.

या नकलांतून एक प्रकरण उद्भवले. रोडोल्फ लमेर या फ्रेंच व्यापाऱ्याने १७२९ च्या सुमारास माइसेनकडे जपानी नमुन्यांच्या भांड्यांची मागणी नोंदवली. मात्र त्यांवर कारखान्याची तलवारींची मुद्रा नको, किंवा असल्यास ती सहज खरवडता येईल अशी झिलईवर काढलेली असावी, अशी व्यवस्था करून घेतली. हेतू उघड होता : पॅरिसमध्ये ही भांडी अस्सल जपानी म्हणून विकणे. सॅक्सनीचा मंत्री काउंट होइम याचेही त्यात अंग होते. १७३१ मध्ये प्रकरण उघडकीस आले, होइमला पद गमवावे लागले आणि लमेरची हकालपट्टी झाली. आरिताची भांडी चिनी मुद्रा लावून गेली होती. आता माइसेनची भांडी मुद्रा पुसून जपानी म्हणून जात होती. फ्रान्समधील शांतीयी, इंग्लंडमधील चेल्सी, बो व वुस्टर या कारखान्यांनीही पुढे काकिएमोन आणि इमारी नमुने उचलले. लाव्ह्यांची जोडी हा नमुना तर इंग्लंडमध्ये इतका रुळला, की तो मुळात कुठला याची विचारपूस करण्याची गरजच ग्राहकाला उरली नाही.

मुद्रेची सक्ती

१८२८ मधील वादळ आणि आगीत आरिता मोठ्या प्रमाणावर बेचिराख झाले. तरीही १८६७ च्या पॅरिस प्रदर्शनात सागा संस्थानाने शोगुनच्या सरकारपासून स्वतंत्रपणे आपला माल मांडला. १८७० मध्ये गॉटफ्रीड वागेनर हा जर्मन रसायनतज्ज्ञ आरितात आला आणि त्याने रासायनिक कोबाल्ट व कोळशाच्या भट्टीचे प्रयोग शिकवले. दोनशे वर्षांच्या अंतराने आरिताच्या इतिहासात दोन जर्मनांचे जवळपास एकच आडनाव यावे हा योगायोग. पण पहिला माल घेण्यास आला होता आणि दुसरा शिकवण्यास, हा भेद दुर्लक्षण्याजोगा नाही. १८७३ च्या व्हिएन्ना प्रदर्शनानंतर, १८७५ मध्ये, आरितात कोरान्शा ही कंपनी स्थापन झाली. पुढे उत्पादनाचे केंद्र नागोया परिसराकडे झुकले. तेथे १९०४ मध्ये, आज नोरिताके नावाने परिचित असलेल्या कंपनीचा कारखाना उभा राहिला आणि १९१४ मध्ये तिचा पहिला पाश्चात्त्य पद्धतीचा पूर्ण जेवणसंच तयार झाला.

अमेरिकेच्या १८९० च्या जकात कायद्याने आयात वस्तूंवर उगमदेशाचे नाव इंग्रजीत असणे बंधनकारक केले. दोन शतके जे तळ परक्या मुद्रा वागवत होते, त्यांवर आता ‘निप्पॉन’ असा शिक्का येऊ लागला. १९२१ मध्ये अमेरिकी अधिकाऱ्यांनी ‘निप्पॉन’ हा इंग्रजी शब्द नसल्याचे ठरवले आणि त्याजागी ‘जपान’ आले. दुसऱ्या महायुद्धानंतर अमेरिकी अमलाखालील जपानमधून निर्यात पुन्हा सुरू झाली, तेव्हा त्या कपबश्यांवर आणि बाहुल्यांवर ‘ऑक्युपाइड जपान’, म्हणजे ‘व्याप्त जपान’, असा शिक्का मारला जात असे. १९५२ च्या एप्रिलमध्ये शांतता करार अमलात आला आणि तळावरचा पहिला शब्द गळून पडला.